गेम काढा, पण डाव मोडू नका



उन्हाळी सुट्टी जवळ आली की संगणक कक्षात एक प्रश्न हमखास कानावर येतो : "सर, घरचा लॅपटॉप भरलाय. पप्पा म्हणतात, तुझे गेम काढून टाक. काढू ना?" उत्तर 'काढ' असेच आहे. पण गेम काढणे म्हणजे नेमके काय काढणे, हे आधी समजून घ्यायला हवे. यंदा आपल्या मराठी पानावर तेच लिहितो आहे. कॅडेटनी वाचावेच, पण मुलगा घरी येण्यापूर्वी लॅपटॉप साफ करायला बसणाऱ्या आई-वडिलांनी जास्त लक्षपूर्वक वाचावे.

'गेम' या एका शब्दात दोन वस्तू असतात. पहिली वस्तू म्हणजे इन्स्टॉल केलेला गेम. त्यात प्रोग्रॅम, चित्रे, आवाज, नकाशे असे सगळे येते. ही बनवणाऱ्या कंपनीची वस्तू. हजारो संगणकांवर ती जशीच्या तशी असते. आज काढली तरी उद्या पुन्हा घालता येते. दुसरी वस्तू म्हणजे सेव्ह फाइल. तुम्ही कुठवर पोहोचलात, काय मिळवलेत, काय बांधलेत याची ती नोंद. ती खेळणाऱ्याने स्वतः घडवलेली असते, त्यामुळे तिची दुसरी प्रत जगात कुठेच नसते. क्रिकेटच्या भाषेत सांगायचे तर मैदान, स्टंप आणि बॅट म्हणजे इन्स्टॉल केलेला गेम. स्कोअरबुक म्हणजे सेव्ह. मैदान पुन्हा मिळते. स्कोअरबुक हरवले तर अर्ध्यावर राहिलेला सामना कुठे थांबला होता ते कोणीच सांगू शकत नाही.

जागा खाते ती पहिली वस्तू. आजच्या काही मोठ्या गेमना १०० जीबीहून अधिक जागा लागते. जुन्या गेमचे उदाहरण घ्या. २००५ साली संगणकावर आलेल्या 'जीटीए सॅन अँड्रियास'ला चार जीबीच्या आसपास जागा लागते आणि त्याची एक सेव्ह फाइल असते सुमारे २०० केबीची. म्हणजे सेव्ह गेमच्या वीस हजारपट लहान. (हा गेम मोठ्यांसाठी आहे, मुलांसाठी नाही. तरी तो कोणाकोणाच्या घरी आहे, हे मला ठाऊक आहे.) तेव्हा जागा हवी असेल तर गेम काढा. सेव्ह काढून सहसा हाती काहीच लागत नाही.

जागेचा विषय निघाला म्हणून एक शंका इथेच मिटवतो. "लॅपटॉप २५६ जीबीचा म्हणून घेतला, पण विंडोज २३८ जीबीच दाखवते, दुकानदाराने फसवले का?" असे पालक विचारतात. फसवलेले नाही. बनवणारा एक जीबी म्हणजे शंभर कोटी बाइट धरतो. विंडोज १०२४ च्या पटीत मोजते, म्हणून आकडा लहान दिसतो. मात्र त्या २३८ मधूनही विंडोजसाठी बरीच जागा जाते, आणि उरलेल्यात दोन मोठे गेम बसले की घरच्या फोटोंना आणि प्रवेश अर्जाच्या कागदांना जागा उरत नाही. म्हणूनच गेम काढायची वेळ येते, आणि तीही बहुधा घाईच्या दिवशी.

अशाच घाईत आठवीतल्या एका कॅडेटच्या घरी जे झाले ते सांगतो. हा कॅडेट आणि त्याची पाचवीतली बहीण मिळून 'माइनक्राफ्ट'मध्ये एक गाव बांधत होते. तो सुट्टीत बांधायचा, शाळेत परतला की बहीण पुढे बांधायची. रविवारच्या फोनवर ती सांगायची, "दादा, पुलाला कठडे लावले," "दादा, तुझ्या घरासमोर विहीर केली." आपल्याकडे फोनची मिनिटे मोजकी असतात. त्यातली निम्मी या गावावर जायची. वडील रजेवर घरी आले, लॅपटॉप भरलेला दिसला. जागा कोण खाते ते शोधताना त्यांना एक फोल्डर सापडले. नावाच्या सुरुवातीला टिंब, आकार काही जीबी, आणि एरवी दिसतही नाही असे. त्यांना तो कचरा वाटला. शिफ्ट आणि डिलीट ही बटणे एकत्र दाबून त्यांनी ते कायमचे काढले. नंतर गेम उघडला तर व्यवस्थित सुरू झाला; लाँचरने लागणाऱ्या फाइल पुन्हा उतरवून घेतल्या. फक्त गाव नव्हते. तीन सुट्ट्यांचे काम गेले. पुढे सुट्टीत ते लॅपटॉप घेऊन माझ्याकडे आले तेव्हा म्हणाले, "सर, मी तर गेमला हातही लावला नव्हता." आणि ते खरेच होते. गेम तसाच राहिला होता, सेव्ह तेवढी गेली होती.

मला ते गाव परत आणता आले नाही. याचे कारण समजून घेण्यासारखे आहे. जुन्या फिरत्या हार्ड डिस्कवर फाइल काढली की तिची नोंद पुसली जाते. आतला मजकूर त्याच जागी दुसरे काही लिहिले जाईपर्यंत राहतो. म्हणून लगेच संगणक बंद केला तर पुष्कळदा काही हाती लागते. हल्लीच्या लॅपटॉपमध्ये एसएसडी असते. तिथे विंडोज ड्राइव्हला कळवते की ही जागा आता मोकळी आहे, आणि ड्राइव्ह तो भाग आपल्या सोयीने आतून साफ करून टाकते. या सोयीला 'ट्रिम' म्हणतात. त्यामुळे एसएसडी वेगवान राहते, पण काढलेली फाइल परत मिळण्याची आशा जवळजवळ संपते. नुसते डिलीट केले तर फाइल रिसायकल बिनमध्ये थांबते. शिफ्टसह केले तर थांबत नाही. पेन ड्राइव्हवरून काढलेली फाइलही रिसायकल बिनमध्ये जात नाही.

म्हणून साफसफाईतला पहिला प्रश्न तांत्रिक नाहीच. सेव्ह कोणाची आहे ते आधी विचारा. लॅपटॉप घरातल्या सगळ्यांचा असतो, पण त्यातला डाव कोणा एकाचा असतो. कॅडेट शाळेत असेल तर रविवारच्या फोनवर विचारा. आणि कॅडेटनीही हे पाळावे. धाकट्या भावाचा गेम 'बालिश' म्हणून उडवण्याचा हक्क तुमच्या युनिफॉर्मने तुम्हाला दिलेला नाही.

आता सेव्ह सापडतात कुठे ते पाहू. पडद्यावर ही नावे इंग्रजीत दिसतील. मी उच्चारानुसार लिहितो आहे. पहिली जागा 'डॉक्युमेंट्स'. अनेक गेम इथे स्वतःच्या नावाचे फोल्डर करतात, काही 'माय गेम्स' नावाच्या फोल्डरात शिरतात. आपल्याकडे अजून आवडीने खेळला जाणारा 'ईए स्पोर्ट्स क्रिकेट ०७' आपले फोल्डर इथेच ठेवतो. दुसरी जागा सी ड्राइव्हवर 'युजर्स'मध्ये, तुमच्या नावाच्या फोल्डरात असलेले 'सेव्ह्ड गेम्स'. त्याच नावाच्या फोल्डरात कधी नुसते 'गेम्स'ही असते. 'एज ऑफ एम्पायर्स २ डेफिनिटिव्ह एडिशन'चे सेव्ह तिथे, गेमच्या नावाखाली एका लांबलचक आकड्याच्या फोल्डरात असतात. तो आकडा खेळणाऱ्याच्या खात्याचा असतो. दोन भावांची दोन खाती असतील तर आकड्यांची फोल्डरही दोन दिसतील, आणि त्यातले एक 'जास्तीचे' मुळीच नसते.

तिसरी जागा मात्र लपलेली असते. तिचे नाव 'ॲपडेटा'. फाइल एक्सप्लोररच्या 'व्ह्यू'मध्ये जाऊन 'हिडन आयटम्स'वर खूण केली की ती दिसू लागते. तिच्यात 'लोकल', 'लोकललो' आणि 'रोमिंग' अशी तीन फोल्डर असतात. वर सांगितलेले माइनक्राफ्टचे टिंबवाले फोल्डर 'रोमिंग'मध्ये असते. त्यातल्या 'सेव्ह्स'मध्ये एकेका जगाचे एकेक फोल्डर. 'लोकललो'मध्ये पुष्कळदा गेमचे नाव सापडत नाही, बनवणाऱ्या कंपनीचे सापडते, म्हणून लोक ते अनोळखी समजून उडवतात. ॲपडेटामध्ये ज्या नावाचा अर्थ लागत नाही त्याला हात लावू नये, हे बरे. तिथे गेमखेरीज तुमच्या ब्राउझरचीही माहिती असते.

चौथी जागा म्हणजे खुद्द गेमचे फोल्डर. जुने गेम सेव्ह स्वतःच्याच पोटात ठेवत. १९९९ सालच्या मूळ 'एज ऑफ एम्पायर्स २' मध्ये 'सेव्हगेम' नावाचे फोल्डर गेमच्या आतच आहे. इथे गेम काढताना सेव्ह जाण्याचा धोका सर्वांत जास्त.

याच जुन्या गेमबाबत एक चकवा आहे, आणि तो कळला की हरवलेले सेव्ह सापडतात. विंडोज व्हिस्टापासून, म्हणजे २००७ पासून, साध्या प्रोग्रॅमला 'प्रोग्रॅम फाइल्स'मध्ये लिहायची परवानगी नाही. जुन्या गेमला हे माहीत नसते. तो आपला तिथेच सेव्ह लिहायला जातो. विंडोज त्याला अडवत नाही, पण फाइल गुपचूप दुसरीकडे ठेवते : 'ॲपडेटा'मधल्या 'लोकल'मध्ये, 'व्हर्च्युअलस्टोर' नावाच्या फोल्डरात. गेमला वाटते फाइल आपल्याच पोटात आहे. आपण गेमचे फोल्डर उघडून पाहतो तर ते रिकामे! शिवाय हे व्हर्च्युअलस्टोर प्रत्येक युजरचे वेगळे असते. एका सुभेदारसाहेबांना त्यांच्या जुन्या मोहिमा लेकाला दाखवायच्या होत्या. गेमच्या फोल्डरात काही मिळेना, आणि मुलाच्या लॉगिनमधून गेम उघडला तर यादी कोरी. त्यांच्या लॉगिनच्या व्हर्च्युअलस्टोरमध्ये सगळ्या मोहिमा जशाच्या तशा पडून होत्या. साहेबांचा चेहरा पाहण्यासारखा झाला होता. गेमचे फोल्डर पेन ड्राइव्हवर उतरवून 'बॅकअप झाला' असे ते समजले असते, तर त्या बॅकअपमध्ये एकही मोहीम नसती.

आता एकच गेम दोनदा इन्स्टॉल झालेला असतो त्याबद्दल. एक प्रत आपण सी ड्राइव्हवर रीतसर घातलेली असते. दुसरी मामेभावाने पेन ड्राइव्हवरून डी ड्राइव्हवर नुसते फोल्डर चिकटवून दिलेली असते. तिसरी म्हणजे 'डाउनलोड्स'मध्ये पडून राहिलेली सेटअपची मोठी फाइल. ती गेम नव्हे, गेमचे खोके आहे. गेम नीट चालत असेल आणि सेटअप पुन्हा मिळण्यासारखा असेल, तर सर्वांत आधी ही काढावी. त्यात सेव्ह असायची शक्यता नसते, आणि पुष्कळदा तेवढ्यानेच काम भागते.

उरलेल्या दोन प्रतींपैकी आपण खेळतो कोणती, हे आधी पक्के करावे. डेस्कटॉपवरच्या चिन्हावर उजवे बटण दाबून 'ओपन फाइल लोकेशन' निवडले की ते चिन्ह कोणत्या प्रतीकडे जाते ते कळते. मग दोन्ही प्रती एकदा उघडून सेव्हची यादी पाहावी. दोन्हींत तीच यादी दिसली तर सेव्ह बाहेर एकाच जागी आहेत आणि दोन्ही प्रती ते वाटून वापरतात. याद्या वेगळ्या असतील तर प्रत्येक प्रतीचे सेव्ह वेगळ्या जागी आहेत. कोणतीही प्रत काढण्यापूर्वी दोन्हीकडचे उतरवून घ्यावेत.

आपण धरलेले फोल्डर खरोखर सेव्हचेच आहे का, हे तपासायची माझी आवडती युक्ती सांगतो. गेम पूर्ण बंद करा. त्या फोल्डरच्या नावापुढे 'जुने' असा शब्द जोडा. गेम उघडा. तो पहिल्या दिवसासारखा कोरा उघडला, तर फोल्डर बरोबर सापडले. गेम बंद करा, नव्याने तयार झालेले कोरे फोल्डर बाजूला सारा आणि जुन्याला त्याचे मूळ नाव परत द्या. नाव बदलल्याने काही नष्ट होत नाही, म्हणून मला ही तपासणी कोणत्याही अंदाजापेक्षा बरी वाटते. मात्र इंटरनेटवर सेव्ह ठेवणारा गेम असेल तर ती सोय आधी बंद करावी. नाहीतर कोरी सेव्हच वर चढायची.

फोल्डर सापडले की प्रत काढायची. गेम आणि त्याचा लाँचर दोन्ही बंद असल्याची खात्री करा. गेम चालू असताना तो मध्येच सेव्ह लिहू लागला तर अर्धवट फाइल उतरते. माइनक्राफ्टसारख्या गेममध्ये लहान फाइल पुष्कळ असतात, म्हणून आधी जगाच्या फोल्डरची झिप करा. प्रत लवकर होते आणि एखादी फाइल मागे राहत नाही. फोल्डरला गेमचे नाव, खेळणाऱ्याचे नाव आणि तारीख द्या. नुसते 'बॅकअप' असे लिहिलेली पाच फोल्डर पुढच्या वर्षी कोणालाच ओळखू येत नाहीत. एक प्रत पेन ड्राइव्हवर, एक दुसऱ्या ड्राइव्हवर किंवा ऑनलाइन खात्यात. मग पेन ड्राइव्ह 'इजेक्ट' करून काढा, पुन्हा लावा आणि फाइल उघडते का, आकार जुळतो का ते पाहा. गणतीशिवाय परेड पूर्ण झाली असे आपण म्हणत नाही, तसेच हे.

यानंतर गेम काढणे हे सर्वांत सोपे काम. 'सेटिंग्ज'मध्ये 'ॲप्स', त्यात 'इन्स्टॉल्ड ॲप्स' (विंडोज १० मध्ये 'ॲप्स अँड फीचर्स'). यादी आकारानुसार लावा, गेम निवडा, 'अनइन्स्टॉल' करा. मध्ये एखादा चौकोन विचारतो, 'सेव्ह आणि सेटिंग्जही काढायचे का?' हा चौकोन वाचा. सगळीकडे 'येस' दाबत जाण्याची सवय इथेच महागात पडते. रीतसर घातलेला गेम फोल्डर उडवून काढू नका. तसे केले तर यादीत त्याचे नाव भुतासारखे उरते आणि त्याने विंडोजमध्ये केलेल्या नोंदीही तशाच राहतात. मामेभावाची चिकटवलेली प्रत मात्र यादीत नसतेच; तिचे फोल्डर साध्या डिलीटने काढावे लागते. आणि असा गेम मुळात कुठून आला, त्याच्याबरोबर आणखी काय आले असेल, हेही विचारावे. अँटीव्हायरस एकदा फिरवून घ्यावा.

काढल्यावर गेमच्या नावाचे थोडे फोल्डर मागे उरते. त्यात बहुधा नोंदी, बाहेरून घातलेले मॉड आणि स्क्रीनशॉट असतात. एकदा आत डोकावा, मग डिलीट करा आणि आठवडाभर रिसायकल बिनमध्ये राहू द्या. बिन रिकामी होईपर्यंत जागा मोकळी होत नाही, हे लक्षात ठेवा; अर्ज आजच भरायचा असेल तर सेटअपची फाइल आधी जाऊ द्या.

यादी पाहताना पालकांची नजर आणखी एका गोष्टीवर अडते : 'मायक्रोसॉफ्ट व्हिज्युअल सी प्लस प्लस रीडिस्ट्रिब्युटेबल'. हे नाव २००५, २००८, २०१०, २०१३ अशा सालांसह आणि प्रत्येकी दोनदोनदा दिसते. वाटते, एकच वस्तू आठ वेळा भरली आहे. तसे नाही. वेगवेगळ्या काळातल्या प्रोग्रॅमना आपापल्या सालाची प्रत लागते, आणि ६४ व ३२ बिटच्या प्रोग्रॅमसाठी ती वेगळी असते. ही काढली की गेमच काय, कामाचा एखादा प्रोग्रॅमही बंद पडतो. आकार लहान असतो, राहू द्यावे. 'एका क्लिकमध्ये सगळी सफाई' म्हणणाऱ्या फुकट प्रोग्रॅमच्या नादी तर लागूच नये.

स्टीम वापरणाऱ्यांनी तीन गोष्टी लक्षात घ्याव्यात. गेम काढायचा तर स्टीमच्या लायब्ररीतून एकेक गेम काढावा. स्टीम हाच प्रोग्रॅम अनइन्स्टॉल केला तर त्याच्या फोल्डरातले सगळे गेम त्याच्याबरोबर जातात. दुसरे, स्टीममधली गेमचा बॅकअप घेण्याची सोय इन्स्टॉल केलेल्या गेमची प्रत घेते. बहुतेक गेमचे सेव्ह त्यात येत नाहीत. नाव फसवे आहे, काय करणार! तिसरे, 'स्टीम क्लाउड' सेव्ह इंटरनेटवर ठेवते, पण प्रत्येक गेमला ती सोय नसते. गेमच्या 'प्रॉपर्टीज'मध्ये क्लाउडचा पर्याय दिसतो का ते पाहावे. नको असलेली सेव्ह फोल्डरातून काढली तरी क्लाउडमधून ती परत येते, त्याचेही कारण हेच.

डॉक्युमेंट्स फोल्डर वनड्राइव्हला जोडलेले असेल तर आणखी सावध राहा. तिथून काढलेली फाइल इंटरनेटवरूनही जाते आणि त्या खात्याच्या दुसऱ्या संगणकावरूनही. बरे इतकेच की वैयक्तिक खात्यात वनड्राइव्हच्या संकेतस्थळावरची स्वतंत्र रिसायकल बिन ती ३० दिवस सांभाळते.

खुद्द सेव्ह फारच साठले असतील, म्हणजे एकेका मोहिमेचे शंभर-दोनशे, तर ते कमी करायला हरकत नाही. पण शक्यतो गेमच्या आतल्या 'लोड'च्या यादीतून करा, फोल्डरातून नको. काही गेम एका सेव्हसाठी दोन फाइल ठेवतात. फोल्डरातून एक उडवली की दुसरी पोरकी होते. शेवटची सेव्ह, तिच्या आधीच्या एक-दोन आणि प्रत्येक मोठ्या टप्प्याच्या सुरुवातीची एक एवढ्या ठेवाव्यात. फक्त ऑटोसेव्हवर विसंबू नये. ती तुमची चूकही तितक्याच निष्ठेने जुन्यावर लिहून ठेवते.

मोबाइलचा हिशेब वेगळा. अँड्रॉइडवर ॲप अनइन्स्टॉल केले की त्याची फोनमधली माहितीही साधारणपणे त्याच्याबरोबर जाते. इथे 'सेव्ह मागे राहील' हा भरवसा धरू नका. गेम एखाद्या खात्याला जोडलेला असेल तर प्रगती त्या खात्यावर राहते. 'गेस्ट' म्हणून, म्हणजे खाते न जोडता खेळत असाल तर काढण्यापूर्वी खाते जोडा. नाहीतर पुढे ओळख पटवायला हाती काही उरत नाही. 'क्लिअर कॅश' आणि 'क्लिअर स्टोरेज' ही बटणे शेजारी-शेजारी असतात. पहिले निरुपद्रवी, दुसरे गेमला कोरा करणारे. आयफोनवर 'ऑफलोड ॲप' असा पर्याय आहे. त्यात ॲप जाते, माहिती राहते. काही अँड्रॉइड फोनमध्ये 'आर्काइव्ह' असाच पर्याय असतो.

पुढच्या सुट्टीत गेम परत घालायचा झाला तर क्रम असा ठेवा. आधी गेम इन्स्टॉल करा. एकदा उघडून बंद करा, म्हणजे तो आपले फोल्डर योग्य जागी स्वतः तयार करील. मग पेन ड्राइव्हवरची सेव्ह त्या जागी ठेवा. हलवू नका, प्रत करा. गेम उघडल्यावर 'क्लाउडमधली ठेवू की संगणकावरची?' असे विचारले गेले तर दोन्हींची तारीख आणि वेळ वाचून मगच निवडा. शंका असेल तर काहीही न निवडता चौकोन बंद करा आणि घरात विचारा, शेवटचे कोण खेळले होते.

आणि तो पेन ड्राइव्ह घरीच कपाटात ठेवा. ट्रंकेत घालून शाळेत आणलात तर पहिल्याच दिवशी सामानाच्या तपासणीत तो जमा होईल आणि सत्र संपेपर्यंत परत मिळणार नाही.